डोंगरात पुरलेला ग्रंथ

वेल्ह्यात वाढलेल्या मुलाला तोरण्याच्या धनाची गोष्ट मुद्दाम सांगावी लागत नाही. गडाची डागडुजी चालू असताना खणतीत मोहरांचे हंडे लागले आणि त्या धनातून समोरच्या मुरुंबदेवाच्या डोंगरावर राजगड उभा राहिला, असं बखरी सांगतात. तालुक्याला आता सरकारदप्तरी राजगडाचंच नाव मिळालं आहे. तोरण्यावरच्या मेंगाईदेवीच्या आशीर्वादाने डोंगराने धन दिलं आणि धनाने राज्य दिलं, ही आठवण इथल्या मातीत मुरलेली आहे.

पृथ्वीच्या पार दुसऱ्या अंगाला आणखी एका डोंगरातल्या सोन्याची गोष्ट सांगतात. त्या सोन्यातून एक धर्मपंथ निघाला. आज त्या पंथाच्या स्वतःच्या मोजणीप्रमाणे त्याचे अनुयायी पावणेदोन कोटींच्या घरात आहेत. आणि तो जन्मून पंचवीस वर्षंही झाली नव्हती, तेव्हा त्याचा एक प्रचारक थेट पुण्यात येऊन राहिला होता! मॉर्मन पंथाची ही गोष्ट मला जगातल्या सगळ्यात विलक्षण गोष्टींपैकी एक वाटते, कारण ती आपल्याला धर्म जन्मताना पाहू देते.

तो डोंगर म्हणजे अमेरिकेतल्या न्यूयॉर्क राज्याच्या पश्चिम भागातलं एक लांबट टेकाड. हिमयुगातल्या बर्फाने मागे टाकलेल्या मातीगोट्यांचं. सह्याद्रीच्या माणसाने त्याला डोंगर म्हणायलाही कां कूं करावं, एवढीच त्याची उंची. जवळच्या पाल्मायरा गावाच्या परिसरात स्मिथ नावाचं गरीब शेतकरी कुटुंब राहायचं. त्यातला जोसेफ १८०५ च्या डिसेंबरात जन्मला. गुप्तधन शोधण्याचा नाद त्या भागात घरोघरी होता आणि जोसेफ त्यात तरबेज समजला जाई. विशिष्ट दगडात पाहून तो पुरलेलं धन कुठे आहे ते सांगतो, असा त्याचा लौकिक होता. लोक त्याला मजुरी देऊन खणायला नेत. याच धंद्यापायी १८२६ साली त्याला न्यायाधीशासमोर उभंही राहावं लागलं.

त्याने पुढे सांगितलेली हकिगत अशी. २१ सप्टेंबर १८२३ च्या रात्री त्याच्या खोलीत मोरोनी नावाचा देवदूत प्रकटला. टेकडीत दगडी पेटीत सोन्याचे पत्रे आहेत आणि त्यांवर या खंडातल्या प्राचीन लोकांचा इतिहास कोरलेला आहे, असं त्याने सांगितलं. पत्रे लगेच मिळाले नाहीत. चार वर्षं, दरवर्षी त्याच दिवशी टेकडीवर जायचं आणि रिकाम्या हाताने परतायचं. २२ सप्टेंबर १८२७ ला ते हाती आले. पातळ पत्रे, कड्यांमध्ये ओवलेले. आपल्याकडचे शिलाहार-राष्ट्रकूटांचे ताम्रपट ज्यांनी संग्रहालयात पाहिले आहेत, त्यांच्या डोळ्यांसमोर ते चित्र चटकन उभं राहील.

लिपी होती म्हणे ‘सुधारित इजिप्शियन’. जोसेफचं शिक्षण जेमतेम. तरी भाषांतर झालं. त्याची रीत त्याच्याजवळच्याच माणसांनी नोंदवून ठेवली आहे. तो दगड टोपीत ठेवी, टोपीत तोंड खुपसून बाहेरचा उजेड अडवी आणि सुचेल तसं सांगत जाई. समोर बसलेला माणूस लिहून घेई. आधीची ११६ पानं मार्टिन हॅरिस नावाच्या सुखवस्तू शेतकऱ्याने घरी दाखवायला नेली आणि ती गहाळ झाली. मग १८२९ च्या एप्रिलपासून जूनपर्यंत, ऑलिव्हर काउडरी या शाळामास्तराला लेखक करून, जवळजवळ सगळा ग्रंथ पुरा झाला. हॅरिसने शेत गहाण टाकलं, पाल्मायराच्या छापखान्याने तीन हजार डॉलरांत पाच हजार प्रती छापल्या आणि मार्च १८३० मध्ये ‘मॉर्मनचा ग्रंथ’ विक्रीला आला. ६ एप्रिल १८३० ला पंथाची रीतसर स्थापना झाली. जोसेफ तेव्हा २४ वर्षांचा होता.

ग्रंथात काय आहे? इसवी सनापूर्वी ६०० च्या सुमारास लेही नावाचा संदेष्टा कुटुंबासह जेरुसलेम सोडतो, समुद्र ओलांडून अमेरिकेत येतो. त्याच्या वंशाच्या दोन शाखा होतात, त्यांच्यात हजार वर्षं लढाया चालतात. मध्येच, पुनरुत्थानानंतर, येशू ख्रिस्त स्वतः अमेरिकेत अवतरतो आणि तिथल्या लोकांना उपदेश करतो. शेवटी एक शाखा निःपात होऊन संपते आणि तिचा अखेरचा माणूस, मोरोनी, पत्रे पुरून ठेवतो. तोच चौदाशे वर्षांनी देवदूत होऊन परत येतो.

पत्रे आज कुठे आहेत? देवदूताने परत नेले, असं जोसेफने सांगितलं. मागे राहिले ते साक्षीदार. प्रत्येक प्रतीत तीन आणि आठ अशा अकरा माणसांची साक्ष छापलेली असते. भोरच्या माणसाला ही पद्धत ओळखीची वाटेल. रोहिडखोऱ्यातले, हिरडस मावळातले जुने महजर असेच असतात. वतनाचा तंटा, गोताची सभा आणि खाली साक्षीदारांची नावं, निशाण्या. अकरांतले काही जण पुढे जोसेफशी भांडले, पंथातून बाहेर पडले. तरी मुख्य तिघांपैकी कुणी साक्ष मागे घेतल्याचं सांगत नाहीत. माणसाचं मन किती खोल असतं हे समजून घ्यायला एवढी एकच गोष्ट पुरे.

पण साक्ष आणि पुरावा यांत अंतर आहे, आणि ते दाखवायला भोरपेक्षा चांगलं ठिकाण नाही. भोर तालुक्यातल्या कारीच्या जेधे देशमुखांच्या दप्तरात एक शकावली होती. लोकमान्य टिळकांच्या हाती ती आली आणि १९१६ साली छापली गेली. तिच्यात शिवाजी महाराजांचा जन्म फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३० असा दिलेला होता. तोवर १६२७ हे साल रूढ होतं. वाद पेटला, पण तो मिटवायला कागद समोर होता. त्याची भाषा तपासता आली, तो ‘शिवभारत’ या काव्याशी आणि इतर साधनांशी ताडून पाहता आला. सोन्याच्या पत्र्यांच्या बाबतीत ही वाटच बंद आहे. अमेरिकेच्या पुरातत्त्वात त्या ग्रंथातल्या नगरांचा, राजांचा मागमूस लागलेला नाही. तिथल्या मूळ रहिवाशांचे पूर्वज आशियातून गेले हे आनुवंशिकीने स्पष्ट केलं आहे. आणि एका प्रसंगी तर कागद खरोखरच हाती आला. १८३५ साली जोसेफने इजिप्तच्या ममींबरोबर आलेल्या पपायरसच्या गुंडाळ्या विकत घेतल्या आणि त्यांत अब्राहामाचं लेखन आहे असं सांगून तेही ‘भाषांतरित’ केलं. त्या गुंडाळ्यांचे तुकडे न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात सापडले आणि १९६७ साली पंथाकडे परत आले. इजिप्तविद्येच्या जाणकारांनी ते वाचले. मृताच्या सोबत ठेवायचे अंत्यविधीचे मंत्र निघाले, अब्राहामाचं नाव नाही.

मग एवढा मोठा पंथ उभा राहिला तो कशावर? त्याचं उत्तर शोधायला त्या काळच्या पश्चिम न्यूयॉर्कमध्ये गेलं पाहिजे. तिथे धार्मिक पुनरुज्जीवनाच्या लाटांवर लाटा येत होत्या. उघड्या माळावर तंबू ठोकून रात्ररात्र प्रवचनं चालत, माणसं रडत, कोसळत. मेथडिस्ट, बॅप्टिस्ट, प्रेस्बिटेरियन, प्रत्येकाचा दावा आपलाच मार्ग खरा. याच जागृतीच्या दुसऱ्या टोकाशी आपलंही नातं आहे, आणि ते मराठी वाचकाच्या सहसा ध्यानात येत नाही. अमेरिकेतल्या याच धर्मोत्साहातून गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट १८१३ साली मुंबईला आले आणि अमेरिकन मराठी मिशन सुरू झालं. पुढे त्याच मिशनने अहमदनगरहून १८४२ साली ‘ज्ञानोदय’ काढलं. रेव्हरंड टिळक आणि लक्ष्मीबाई त्याच परंपरेतले. म्हणजे ‘स्मृतिचित्रे’ आणि ‘मॉर्मनचा ग्रंथ’ यांच्या वंशावळी दूर कुठेतरी एकाच गावी जाऊन मिळतात!

त्या गदारोळात शेतकऱ्याच्या पोराला पडलेला प्रश्न साधा होता. एवढ्या चर्चांपैकी खरं कोणतं? रानात झालेल्या दर्शनात त्याला मिळालेलं उत्तर धक्कादायक होतं: कोणतंच नाही. येशूच्या बारा प्रेषितांनंतर खरा अधिकार पृथ्वीवरून नाहीसा झाला. रोम चुकलं आणि रोमशी भांडून निघालेले प्रोटेस्टंटही चुकले. आता सुधारणा नको, मूळचंच परत आणायला हवं. १८२९ साली बाप्तिस्मा करणारा योहान आणि मग पेत्र, याकोब व योहान हे प्रेषित स्वतः येऊन आपल्या डोक्यावर हात ठेवून गेले, असं जोसेफ आणि काउडरीने सांगितलं. १८३५ मध्ये नवे बारा प्रेषित नेमले गेले. आजही त्या पंथाच्या सर्वोच्च नेतृत्वात बारा प्रेषितांचं मंडळ असतं. मॉर्मनांची स्वतःकडे पाहण्याची दृष्टी यातून कळते. ते स्वतःला नवे समजत नाहीत. पहिल्या शतकातलं चर्च ते आपणच, असं ते मानतात.

हा दावा किती टिकतो? इथे मला खरी मौज वाटते, कारण उत्तर सरळ ‘हो’ किंवा ‘नाही’ असं येत नाही. मॉर्मन मानतात की देवपित्याला देह आहे. सगळ्या मोठ्या चर्चांना हे पाखंड वाटतं. पण तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियाच्या ओरिगेनने देवाला देह मानणाऱ्या ख्रिस्ती लोकांचं खंडन केलेलं आहे; म्हणजे तसं मानणारे होते. इसवी सन ३९९ च्या सुमारास इजिप्तचे साधेभोळे साधू याच प्रश्नावर आपल्या बिशपावर चालून गेले होते. मॉर्मन मानतात की माणूस वाढत वाढत देवासारखा होऊ शकतो. दुसऱ्या शतकातला इरेनेयस आणि चौथ्यातला अथनासियस यांनीही माणसाच्या ईश्वरी होण्याची भाषा केली, आणि पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स चर्चांनी ती आजवर सांभाळली. मात्र त्या दोघांच्या मते निर्माता आणि निर्मिती यांच्यातली दरी कधीच बुजत नाही. कृपेने माणसाला वाटा मिळतो, एवढंच. जोसेफने ती दरीच काढून टाकली. देव आणि माणूस एकाच जातीचे, असं त्याने १८४४ साली भर सभेत सांगितलं. इथे तो प्राचीन ख्रिस्ती परंपरेच्या हद्दीबाहेर गेला, असंच म्हटलं पाहिजे. रोमन कॅथलिक चर्चने २००१ साली मॉर्मन बाप्तिस्मा ग्राह्य नाही असा निर्णय दिला, त्याचं मूळ या भेदात आहे.

आणखी एक प्रथा. करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या पंधराव्या अध्यायात पौल जाता जाता मृतांसाठी बाप्तिस्मा घेणाऱ्यांचा उल्लेख करतो. एकच वाक्य. पुढे मोठ्या चर्चने ही प्रथा पाखंडी गटांची म्हणून टाकून दिली. जोसेफने १८४० मध्ये तिच्यावर बोट ठेवलं आणि सुरू केली. आपले जे पूर्वज सत्य न ऐकता गेले, त्यांच्या वतीने जिवंत माणसाने पाण्यात उतरायचं. पण त्यासाठी पूर्वजांची नावं हवीत! म्हणून मॉर्मनांनी जगभरच्या वंशावळींची छायाचित्रं घ्यायला सुरुवात केली. अमेरिकेच्या युटा राज्यातल्या ग्रॅनाइटच्या डोंगरात बोगदे खोदून ती फिल्म ठेवली आहे. हरिद्वारच्या पंड्यांच्या वह्यासुद्धा त्यांनी चित्रित केल्या. नाशिक-त्र्यंबकेश्वरी आपल्या आज्या-पणज्यांची नावं क्षेत्रोपाध्यायांच्या वहीत ज्याने वाचली आहेत, त्याला यामागची ओढ समजावून द्यायला नको.

जर्मनीचा एडवर्ड मायर हा प्राचीन इतिहासाचा मोठा पंडित. १९०४ साली तो युटाला जाऊन आला, आणि १९१२ मध्ये त्याने मॉर्मनांच्या उगमावर ग्रंथ लिहिला. इजिप्त, बाबिलोन, ग्रीसचा अभ्यासक तिकडे कशाला गेला? त्याचं कारण मला फार मोलाचं वाटतं. धर्म कसा जन्मतो हे पाहायचं तर जुन्या धर्मांच्या सुरुवातीवर धुकं आहे. येशूचा मृत्यू सुमारे इसवी सन ३० चा. पौलाची पत्रं त्यानंतर वीसेक वर्षांनी, मार्कचं शुभवर्तमान सुमारे ७० चं. मूळ हस्तलिखित एकही उरलेलं नाही. मॉर्मनांचं तसं नाही. ते छापखान्याच्या युगात जन्मले. पहिल्या प्रतीचं बिल, शेजाऱ्यांच्या तक्रारी, वर्तमानपत्रांतले हल्ले, न्यायालयाची नोंद, सगळं उपलब्ध. म्हणून मायरने आधी तिथे धर्माची घडण पाहिली आणि मग ख्रिस्ती धर्माच्या आरंभाचा इतिहास तीन खंडांत लिहिला.

त्या वाटेने पाहिलं की बऱ्याच गोष्टी उजळतात. जोसेफला रानात झालेल्या त्या पहिल्या दर्शनाची त्याची सगळ्यात जुनी हकिगत १८३२ ची आहे, नंतरच्या १८३५, १८३८ आणि १८४२ च्या. त्या एकमेकींशी तंतोतंत जुळत नाहीत. पौलाचं दमास्कसच्या वाटेवरचं दर्शनही ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकात तीनदा आलं आहे आणि तिथेही तपशील बदलतात. एकाच अनुभवाकडे माणूस पुन्हा पुन्हा वळतो तेव्हा सांगणं बदलतं, मग सांगणारा पहिल्या शतकातला असो की एकोणिसाव्या. संस्थापकाच्या वधानंतर पंथ विझला नाही, हेही दोन्हीकडे सारखं. जोसेफला २७ जून १८४४ ला इलिनॉयच्या कार्थेज तुरुंगात जमावाने गोळ्या घातल्या. तीन वर्षांनी त्याच्यामागून पुढारी झालेला ब्रिगम यंग अनुयायांना घेऊन युटातल्या सॉल्ट लेकच्या खोऱ्यात पोचला. समाजशास्त्रज्ञ रॉडनी स्टार्कने हिशेब मांडला की पहिल्या तीन शतकांत ख्रिस्ती लोक दर दशकाला साधारण ४० टक्क्यांनी वाढले असते, तरी हजाराचे साठ लाख झाले असते. मॉर्मनांच्या वाढीचा वेग विसाव्या शतकापर्यंत जवळपास तेवढाच होता. म्हणजे ख्रिस्ती धर्माचा प्रसार समजायला एखादी चमत्कारिक लाट गृहीत धरावी लागत नाही. घरातून घरात, नात्यातून नात्यात जाणारा विश्वास पुरतो.

आता पुण्याकडे येऊ. ह्यू फिंडले हा स्कॉटिश प्रचारक १८५२ च्या सप्टेंबरात मुंबईला उतरला. त्या किनाऱ्याला ख्रिस्ती धर्म नवा नव्हता. सहाव्या शतकात कॉस्मस या अलेक्झांड्रियाच्या व्यापाऱ्याने ‘कल्लियाना’ बंदरात पर्शियाहून नेमलेला बिशप असल्याची नोंद केली आहे, आणि बरेच अभ्यासक ते बंदर म्हणजे आपलं कल्याण असं मानतात. ज्या प्राचीन चर्चची पुनःस्थापना केल्याचा दावा फिंडले करत होता, त्या प्राचीन चर्चची एक फांदी त्याच्या गलबताच्या धक्क्यापासून फार दूर नाही अशा जागी सुमारे तेराशे वर्षांपूर्वी वाढून गेली होती.

मुंबईच्या इंग्रजी पत्रांनी त्याच्यावर झोड उठवली. तो पुण्याला आला. लष्करी अधिकाऱ्यांनी त्याला छावणीत राहू दिलं नाही, तरी त्याने सुमारे बारा जणांची शाखा उभी केली. युरोपीय, अँग्लो-इंडियन आणि काही देशी माणसं. भाऊ ॲलन मदतीला आला. हे चाललं होतं तेव्हा पेशवाई बुडून पस्तीस वर्षं झाली होती, साताऱ्याचं राज्य नुकतंच खालसा झालं होतं, आणि पुण्याच्या दक्षिणेला पंतसचिवांचं भोर संस्थान इंग्रजांच्या थेट नजरेखाली आलं होतं. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी धावली. त्या धामधुमीत हा माणूस पुण्यात सांगत होता की आकाश बंद झालेलं नाही, देव आजही बोलतो.

१८५५ मध्ये त्याने मराठ्यांना उद्देशून खऱ्या आणि जिवंत देवाविषयी एक पुस्तिका मुंबईत छापली. त्याच वर्षी दोघे भाऊ निघून गेले, आणि १८५६ पर्यंत भारतातलं पहिलं मॉर्मन मिशन आटोपलं. अपयशाची कारणं समजण्यासारखी आहेत. छावणीचे दरवाजे बंद. पलटणी बदलीवर जाणाऱ्या. ज्याने विश्वास धरला त्याने युटाला येऊन राहावं, असा पंथाचा आग्रह. त्यामुळे इथे मूळ धरायचं कुणी? आणि सगळ्यात मोठा घाव घरचाच होता. २९ ऑगस्ट १८५२ ला, फिंडले मुंबईत पोचायच्या बेतात असताना, सॉल्ट लेकमध्ये बहुपत्नीत्वाची उघड घोषणा झाली. ती बातमी हिंदुस्थानात आली आणि गोऱ्या समाजात प्रचारकांना तोंड दाखवायला जागा उरली नाही. संस्थानिकांचे जनानखाने पाहिलेल्या मराठी माणसाला त्यात मोठं नवल वाटलं नसतं, पण प्रचार चालला होता मुख्यतः गोऱ्यांत. पंथाने १८९० मध्ये ती प्रथा अधिकृतपणे सोडली. भारतात तो पुन्हा रुजला तो विसाव्या शतकात, दक्षिणेत. बंगळुरूला त्याच्या मंदिराची पायाभरणी २ डिसेंबर २०२० ला झाली.

मूळ ख्रिस्ताकडे परत जायची ओढ मात्र मराठी मातीत दुसऱ्या रूपाने उगवली, आणि माझ्या मते अधिक सुंदर रूपाने. पंडिता रमाबाईंनी केडगावला बसून हिब्रू आणि ग्रीक शिकून बायबल मराठीत आणलं. रेव्हरंड टिळकांनी आयुष्याच्या शेवटी, १९१७ मध्ये, मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्याला ‘देवाचा दरबार’ मांडला. पाश्चात्त्य चर्चची झूल उतरवून ख्रिस्ताशी थेट नातं जोडायचं होतं त्यांना. दोघांना कुठल्या सोन्याच्या पत्र्यांची गरज भासली नाही.

पुण्यातल्या त्या बारा माणसांची गोष्ट आजवर प्रचारकांच्या बाजूनेच सांगितली गेली आहे. ‘ज्ञानोदय’ तेव्हा चालू होतं, आणि पुण्याचं ‘ज्ञानप्रकाश’ १८४९ पासून निघत होतं. इतिहासाची आवड असलेल्या भोर-पुण्याच्या विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे की या दोन्ही पत्रांचे १८५३ ते १८५५ चे अंक जिथे मिळतील तिथे जाऊन चाळावेत.